गोऱ्या साहेबाचा आवाज

मेकअपच्या खुर्चीत बसलेला माणूस आधी डोळे मिटतो, आणि डोळे मिटले की बोलायला लागतो. सव्वीस वर्षं मी लोकांच्या चेहऱ्यांना रंग लावतोय. कोणी सासूबद्दल बोलतं, कोणी गुडघ्याबद्दल, कोणी सुटलेल्या रोलबद्दल. मी स्पंज फिरवत "हं" म्हणत राहतो. संध्याकाळी चेहरा पुसून झाला की टिश्यू पेपर कचऱ्यात जातो. ऐकलेलं कुठे टाकणार? ते साठत राहतं.

मित्र जमले की म्हणतात, "मनूदादा, काढा एखादा किस्सा." त्यांना मोठ्या नटांचे किस्से हवे असतात. तसे माझ्याकडेही आहेत, पण तसले कोणाकडेही मिळतील. मी आज एका अशा नटाचे सांगतो, ज्याचं नाव तुम्ही ऐकलेलं असणं शक्य नाही. नाव हेनिंग. देश स्वीडन. मुक्काम पनवेलच्या बाजूचं एक गाव. ती त्यांची सासुरवाडी.

त्यांच्या बायकोला आम्ही सुनंदाताई म्हणायचो. त्या नर्स. तरुणपणी नोकरीसाठी परदेशी गेल्या, तिथे हेनिंगशी लग्न केलं, संसार केला. इकडे आईची दृष्टी पूर्ण गेली तेव्हा दोघं सगळं आवरून गावी येऊन राहिले. आईचं नाव हिराबाय. अख्खं गाव तिला याच नावाने हाक मारायचं.

आणि मी तेव्हा शिरढोणच्या पुढे, आतल्या बाजूला एका फार्महाऊसवर चाललेल्या मालिकेचा मेकअपमन होतो. इंग्रजांच्या काळातली गोष्ट. रोज एक तरी गोरा लागायचा.

*

आमच्या कोऑर्डिनेटरला हेनिंग पनवेलच्या एका बँकेत सापडले. पासबुक भरायच्या रांगेत उभे होते. उंच, सत्तरीच्या आसपासचे, नाक धारदार. कोऑर्डिनेटरने खांद्यावर हात ठेवला आणि विचारलं, "ॲक्टिंग करणार का?"

हेनिंग म्हणाले, "मी तेच करतो."

त्याला वाटलं, म्हातारा गंमत करतोय. त्याने फोन नंबर घेतला आणि दुसऱ्या दिवशी सेटवर बोलावलं.

आमचे दिग्दर्शक साटम. माणूस चांगला, पण घाईतला. त्यांनी हेनिंगना अगदी पहिलीतल्या मुलाला सांगावं तसं सांगितलं. कॅमेऱ्यात बघायचं नाही. जमिनीवर पट्टी चिकटवलीय तिथे येऊन थांबायचं. ॲक्शन म्हटलं की सुरू, कट म्हटलं की बंद. हेनिंग मान हलवत सगळं शांतपणे ऐकत होते.

शॉट सुरू झाला. हेनिंग दारातून आत आले, टेबलापाशी वळले, खाली एकदाही न बघता बरोबर पट्टीवर थांबले, आणि चेहरा दोन बोटं डावीकडे वळवला. तिकडून लाईट येत होता.

साटमांच्या लक्षात आलं नाही. माझ्या आलं. नवा माणूस पट्टी शोधत खाली बघतो आणि लाईट कुठून येतोय हे त्याच्या गावीही नसतं. चहाच्या वेळी मी म्हटलं, "तुम्ही आधी काम केलंय."

"तीस वर्षं," ते म्हणाले. "सिनेमा, टीव्ही. पोस्टमन, डॉक्टर, शेजारी. खुनाच्या गोष्टीत शेजारी असतो ना, ज्यानं काय पाहिलेलं नसतं, तो मी."

"मग साटमसाहेबांना सांगायचं ना!"

"तो इतकं छान समजावत होता," हेनिंग म्हणाले. "मधी कशाला बोलायचं?"

साटमांना हे दोन महिन्यांनी कळलं. तेही माझ्याकडून.

*

त्यांच्या मराठीबद्दल सांगायला हवं. हेनिंग मराठी शिकले ते हिराबायकडून. सासूला दिसत नसल्यामुळे ती दिवसभर घरात, आणि जावई रिकामा. दोघं ओटीवर बसून लसूण सोलत बोलायची. त्यामुळे हेनिंगच्या तोंडी आली ती आगरी बोली. "आमी", "तुमी", "नाय", "हाय". सहा फुटी गोरा माणूस दारात उभा राहून "मी नाय येत, मना काम हाय" म्हणाला की नव्या माणसाचा पाय घसरायचाच बाकी राहायचा.

दुसरी गोष्ट, ते सगळ्यांना "तू" म्हणायचे. एकदा निर्माते सेटवर आले. त्यांच्यापुढे साटमसुद्धा खुर्चीवर बसत नसत. हेनिंगनी आपली खुर्ची पुढे सरकवली आणि म्हणाले, "बस, तू दमलास."

निर्मात्यांनी एकदा साटमांकडे पाहिलं, एकदा खुर्चीकडे. मग बसले. खरंच दमले होते बिचारे.

मी नंतर सुनंदाताईंना म्हटलं, ताई, जरा "तुम्ही" शिकवा त्यांना. त्या हसल्या. "दादा, यांच्या देशात आता 'तुम्ही' राहिलेलंच नाही. लहान-मोठा, राजा सोडून सगळ्यांना एकच. आईसुद्धा यांना 'तू' म्हणते. शेजारणी म्हणाल्या, हिराबाय, जावयाला कोणी अरे-तुरे करतं का? तर आई म्हणाली, त्याला 'तुमी' बोललं की तो मागं वळून बघतो, दुसरं कोन आलंय म्हनून."

साटमांना मात्र गोरा हवा होता तो आपल्या ओळखीचा. "टुम लोग कर नाही भरटा" असं बोलणारा. त्यांनी हेनिंगना सांगितलं, "मराठी जरा वाईट बोला."

हेनिंगना आधी कळेना. पाच वर्षं खपून एक भाषा शिकायची, आणि ती येत नाही असं दाखवायचं. पण नट होते. घरी हिराबायपुढे प्रॅक्टिस केली. ती म्हणाली, "तुला ताप आलाय का?"

रिहर्सलमध्ये त्यांना ते जमायचं. पण रागाचा सीन आला की पंचाईत. राग आला की आतली भाषा वर यायची. कलेक्टरच्या वेषात, टेबलावर मूठ आपटून ते ओरडले, "नाय म्हंजे नाय!"

टेक अकरा वेळा झाला. शेवटी साटम म्हणाले, "राहू दे. बघू नंतर."

*

त्या "बघू नंतर"चा अर्थ मला ठाऊक होता. चॅनेलकडून निरोप आला होता की हा गोरा उरणच्या बंदरावरून आल्यासारखा बोलतो, याचा आवाज बदला. मुंबईतला एक डबिंग आर्टिस्ट ठरला. हे मी मेकअपच्या खोलीत उभा असताना साटम फोनवर बोलले. हेनिंग शेजारच्या खुर्चीत नव्हते.

मी त्यांना सांगू शकलो असतो. चार दिवस रोज त्यांच्या गालांवर हात फिरवत होतो. पण वाटलं, आपण कोण सांगणारे? साटम सांगतील. साटमांना वाटलं असेल, कळेल की.

पहिला एपिसोड लागायच्या दिवशी हेनिंगनी मला घरी जेवायला बोलावलं. संध्याकाळी सातची वेळ. हिराबाय खाटेवर ताठ बसलेली. खास धुतलेलं लुगडं नेसली होती. तिला चित्र दिसणार नव्हतं, पण टीव्हीकडे तोंड करून बसली होती. शेजारच्या दोन बायका आल्या होत्या.

कलेक्टर पडद्यावर आला. ओठ हेनिंगचे हलले. आवाज आला तो कोणाचा तरी, जाडाभरडा, "टुम लोग"वाला.

मी हेनिंगकडे बघितलं नाही. ताटाकडे बघत बसलो.

सीन संपला. शेजारणी म्हणाल्या, "काय रुबाब हाय!" हिराबाय तशीच बसलेली. जाहिराती लागल्या. मग तिने विचारलं, "हेनू, तू कवा येशील रं?"

सुनंदाताईंनी तोंड उघडलं, पण हेनिंग आधी बोलले.

"पुढच्या आठवड्यात."

निघताना ते मला फाटकापर्यंत सोडायला आले. मी म्हटलं, "मला माहीत होतं."

"तुझे हात सांगत होते," ते म्हणाले. "चार दिवस फार हळू पावडर लावत होतास."

एवढंच. राग नाही, काही नाही. उलट मला त्यामुळे जास्त लागलं.

*

त्यानंतर मालिका चालली. कलेक्टर रोज काहीतरी क्रूर करायचा आणि पनवेलमध्ये हेनिंगना लोक ओळखायला लागले.

एक दिवस सकाळी ते रिकामी पिशवी घेऊन थेट सेटवर आले. चेहरा असा खुललेला की मला वाटलं, काहीतरी मोठी बातमी आहे.

"मनू, मना मासळी दिली नाय!"

झालं असं होतं. ते नेहमीप्रमाणे मासळी बाजारात गेले. नेहमीच्या कोळणीने टोपलीवर फडकं टाकलं आणि शेजारणीला मोठ्याने म्हणाली, "याला नाय द्यायची मासळी. चार पोरांचा बाप फासावर चढवला काल यानं." शेजारणीनेही आपली टोपली झाकली.

मला वाईट वाटलं. हेनिंगना नाही. खुर्चीत बसून ते म्हणाले, "तीस वर्षं काम केलं. कोणी माझ्यावर प्रेम केलं नाय, ते ठीक. पण कोणी माझा राग पण केला नाय. आज पहिल्यांदा."

घरी मात्र हे प्रकरण वाढलं. हिराबायने सगळं ऐकलं आणि काठी मागितली. सुनंदाताईंचा हात धरून ती रिक्षाने पनवेलला आली आणि बाजारात शिरली. कोळणीच्या समोर उभी राहिली. दिसत काही नव्हतं, त्यामुळे बोलली ती जरा बाजूच्या खांबाकडे बघून. पण ऐकू सगळ्या बाजाराला गेलं.

"तो जावय हाय माझा. टीवीत बोलतो तो दुसराच कोनतरी हाय. आवाज ऐक ना, बये. माझा हेनू असा बोलतो का? त्यानं फासावर नाय चढवलं कोनाला. त्यानं सकाळी माझे पाय चेपले."

कोळीण बराच वेळ बघत राहिली. मग तिने फडकं काढलं आणि दोन मोठी पापलेटं हिराबायच्या पिशवीत टाकली.

घरी गेल्यावर हिराबायने हेनिंगना विचारलं म्हणे, "पन खरं सांग, चढवलं का रं?"

*

सेटच्या मागच्या टेकडीवर कातकऱ्यांची वाडी होती. गर्दीचा सीन असला की तिथली माणसं यायची. त्यांच्यात बारकीबाई नावाची एक बाई होती. पन्नाशीची, बारीक, कमी बोलणारी. वर्षातले काही महिने घरचे सगळे वीटभट्टीवर, उरलेले महिने मिळेल ते काम. आमच्याकडे आली की एका कोपऱ्यात बसायची आणि बोलावलं की उठायची.

एका सीनमध्ये गावकऱ्यांकडून सक्तीने रस्त्याचं काम करून घेतलं जातंय आणि कलेक्टर दगड फोडणाऱ्या एका बाईच्या पाठीवर चाबूक मारतो, असं होतं. ती बाई बारकीबाई. चाबूक सुताचा, मऊ. लागायचा प्रश्न नव्हता.

पण हेनिंगचा हात उचलेना. उचलला तर अर्ध्यात थांबे. साटम वैतागले. "सर, चाबूक मारताय, माशी नाही हाकलत!" प्रत्येक टेकनंतर हेनिंग वाकून बारकीबाईला विचारायचे, "लागलं का गो?" ती मान हलवायची. पाच-सहा टेक वाया गेले.

मग ती स्वतःच बोलली. बसल्या जागेवरून, हातातला हातोडा खाली न ठेवता.

"साहेब, तुमी मारायच्या आधी माझ्याकडं बघता."

हेनिंगनी विचारलं, "मग कुठं बघू?"

"मारणारा बघत नाय. तो दुसऱ्याशी बोलत असतो. हसत असतो. त्याचा हात आपला आपला चालतो."

साटमांनी पुढचा टेक लावायला सांगितला.

पुढच्या टेकला हेनिंग बाजूच्या शिपायाशी बोलत चालत आले. हवापाण्याबद्दल काहीतरी बोलले. बोलता बोलता हात मागे गेला, चाबूक पडला, आणि वाक्य पुरं करून ते पुढे निघून गेले. एकदाही मागे बघितलं नाही.

साटमांनी कट म्हणायला उशीर केला. मग टाळ्या वाजवल्या. सगळ्यांनी वाजवल्या. हेनिंगनी बारकीबाईकडे हात केला, पण ती तोवर उठून चहाच्या रांगेत जाऊन उभी राहिली होती.

मेकअप उतरवताना त्यांनी डोळे मिटले नाहीत. आरशात बघत म्हणाले, "माझ्या नाटकाच्या शाळेत चार वर्षं शिकवत होते. हे नाय शिकवलं."

थोड्या वेळाने परत म्हणाले, "तिला कोणी शिकवलं असेल?"

मी त्यांच्या मिशा सोडवून डबीत ठेवल्या.

*

एका दुपारी सेटवरची वीज गेली आणि जनरेटरही बसला. आम्ही आंब्याखाली खुर्च्या टाकून बसलो होतो. मी विचारलं, "पहिला सिनेमा कोणता तुमचा?"

ते हसले. "ज्यात मी नाय, तो."

चोवीस वर्षांचे असताना त्यांना एका सिनेमात भूमिका मिळाली. छोटी, पण चांगली. रेल्वे स्टेशनवर एक तरुण एका मुलीला सांगतो की तो आता परत येणार नाही. चार मिनिटांचा सीन, सगळी वाक्यं त्याचीच. पावसात उभं राहायचं होतं. कंपनीचा रेनकोट त्यांना आखूड पडत होता, म्हणून वडिलांकडून त्यांचा कोट मागवून घेतला.

वडील उत्तरेकडच्या एका खेड्यात लाकडाच्या गिरणीत कामाला. सिनेमा लागला तेव्हा आईवडील अख्खा दिवस रेल्वेचा प्रवास करून शहरात आले. आईने नवीन बूट घेतले होते. ते तिला चावत होते, पण तिने तसं म्हटलं नाही.

सिनेमा सुरू झाला. स्टेशन आलं. पाऊस आला. मुलगी आली. आणि मग एका तरुणाची पाठ दिसली, दूर जाणारी. तीन सेकंद. सीन संपला. चार मिनिटं कापून टाकली होती आणि कोणी त्यांना कळवलं नव्हतं.

"बाहेर आलो तेव्हा मी वडलांकडं बघत नव्हतो," हेनिंग म्हणाले. "आमी तिघं चालत होतो. आई बुटामुळे हळू. मग वडील बोलले, 'कोट चांगला दिसला.'"

"मग?"

"मग आमी सूप प्यायला गेलो."

मला वाटलं, किस्सा संपला. पण ते पुढे म्हणाले, "वडील परत गेले आणि मरेपर्यंत दर रविवारी तो कोट घालून बाहेर पडले. ऊन असलं तरी. गावात सगळ्यांना सांगायचे, हा कोट सिनेमात हाय."

जनरेटर सुरू झाला. आम्हाला हाका आल्या.

*

तळोज्याच्या एका कारखान्यात काही मशीन बसवायला परदेशी इंजिनिअर आले होते. त्यातल्या एकाला मॅनेजर सुट्टीच्या दिवशी शूटिंग बघायला घेऊन आला. चाळिशीचा, दाढीवाला, अंगाने दणकट. तो स्वीडनचा निघाला.

हेनिंग कलेक्टरच्या पूर्ण वेषात मिशा लावून बसले होते. त्या माणसाने लांबून पाहिलं. जवळ आला. परत पाहिलं. मग अगदी हळू आवाजात त्यांच्या भाषेत काहीतरी म्हणाला. एकच वाक्य, शेवटी प्रश्न असावा असं.

हेनिंग उठून उभे राहिले. टोपी सारखी केली, नसलेली पिशवी खांद्यावर घेतल्यासारखं केलं, आणि त्यांनीही एका वाक्यात उत्तर दिलं.

तो दणकट माणूस सगळ्यांसमोर रडायला लागला. मॅनेजर घाबरला. मीही.

नंतर हेनिंगनी सांगितलं. स्वीडनमध्ये मुलांचा एक टीव्हीचा कार्यक्रम होता. त्यात ते पोस्टमन. गोष्टीत एक एकटी आजी रोज फाटकाशी उभी राहून विचारायची, "माझं पत्र आहे का?" आणि पोस्टमन म्हणायचा, "आज नाही, पण उद्या नक्की." प्रत्येक भागात तेवढंच काम. तिथे त्यांना ओळखणारी जी काही माणसं होती, ती एवढ्यावरच.

"आणि तो का रडला?" मी विचारलं.

"त्याची आई नर्स होती. रात्रपाळीची. तो एकटा बसून बघायचा," हेनिंग म्हणाले. "त्याला वाटायचं, मी त्यालाच सांगतो."

"मग शेवटी आलं का पत्र? त्या आजीला?"

"नाय. शेवटच्या भागाच्या आधी कार्यक्रम बंद केला."

*

कलेक्टरला क्रांतिकारकांनी मारलं, तेव्हा वाटलं, हेनिंगचं काम संपलं. केक कापला. पण महिन्याभरात परत बोलावणं आलं. चॅनेलला आणखी एक गोरा हवा होता आणि दुसरा मिळत नव्हता. मी विचारलं, "साहेब, लोक ओळखतील ना?" साटम म्हणाले, "दाढी लावा. मेलेला माणूस कोण शोधत बसतंय."

दाढी आणि पांढऱ्या भुवया ठरल्या. ही भूमिका मात्र वेगळी होती. प्लेगच्या साथीत एका खेड्यात मागे राहिलेला म्हातारा डॉक्टर. गावाने टाकलेल्या एका आजारी म्हातारीजवळ तो रात्रभर बसतो, आणि तिला एक वाक्य म्हणतो, "घाबरू नका आजी, मी आहे इथे." बाकी सगळं नजरेचं काम.

तोवर इकडे हिराबायने खाट धरली होती. जेवण तुटलं होतं. बोलणंही कमी झालं होतं. दर संध्याकाळी सात वाजता मात्र टीव्ही लावायला सांगायची. कलेक्टर मेला, तरी सांगायची. आणि हेनिंग म्हणायचे, पुढच्या आठवड्यात.

शूटिंगच्या दिवशी, अंगावर डॉक्टरचा कोट चढवून, हेनिंग साटमांकडे गेले. इतक्या महिन्यांत त्यांनी कधी काही मागितलं नव्हतं. पाणीसुद्धा स्वतः उठून घ्यायचे.

"एक वाक्य हाय माझं," ते म्हणाले. "ते माझ्या आवाजात राहू दे."

साटमांनी कपाळावर हात मारला. "हेनिंगसाहेब, माझ्या हातात नाही हो ते. चॅनेल ऐकणार नाही. तुमच्या तोंडची ती बोली…"

हेनिंग मान हलवून परत फिरले. वाद घालणं त्यांना येतच नव्हतं.

मी दाढीचा गम हातात घेऊन उभा होतो. मेकअपमनने दिग्दर्शकाला शहाणपण शिकवायचं नसतं, हे मी पहिल्या वर्षी शिकलो होतो. पण मागच्या वेळी गप्प बसलो होतो ते आठवलं.

म्हटलं, "साटमसाहेब, हा डॉक्टर या गावात किती वर्षं राहिला?"

"वीस. का?"

"वीस वर्षं गावात राहिलेला माणूस पुण्यासारखा बोलेल, की गावासारखा?"

"मनूदादा, तुम्ही दाढी चिकटवा," साटम म्हणाले.

मी चिकटवली. दहा मिनिटांनी साटम मेकअपच्या दारात येऊन उभे राहिले. आत आले नाहीत. बाहेरूनच साऊंडवाल्याला म्हणाले, "या सीनला माईक जवळ घ्या. डबिंग करायचं नाही. चॅनेलशी मी बोलतो."

टेक एकच झाला. हेनिंग म्हातारीच्या उशाशी बसले. मुंबईहून आलेली जुनी नटी होती, डोळे मिटून पडलेली. लिहिलेलं वाक्य "घाबरू नका आजी" असं होतं. हेनिंगनी आधी तिची चादर सारखी केली. मग तिच्या कानाशी वाकले आणि म्हणाले, "घाबरू नको गो आये. मी हाय."

साटमांनी ते तसंच ठेवलं.

एपिसोड लागला त्या संध्याकाळी मी त्यांच्याकडे होतो. हिराबायची खाट खोलीच्या मधोमध. तिच्या डाव्या हाताला स्टुलावर हेनिंग. उजवीकडे भिंतीशी टीव्ही. सुनंदाताई पायथ्याशी उभ्या. आईला जाग आहे की नाही, ते त्यांनाही कळत नव्हतं. श्वास तेवढा चालू होता.

सीन आला. दिवा, खाट, म्हातारी, डॉक्टर.

टीव्हीतून आवाज आला, "घाबरू नको गो आये. मी हाय."

हिराबायने मान वळवली. उजवीकडे, आवाज आला तिकडे. चादरीतून हात बाहेर काढला आणि टीव्हीच्या दिशेने लांब केला.

"हात दे मंग," ती म्हणाली.

सुनंदाताई पुढे झाल्या. "आय, हेनू इकडं…"

हेनिंगनी त्यांना खुणेने थांबवलं. स्टुलावरून उठले, पावलांचा आवाज न करता खाटेला वळसा घालून पलीकडे गेले, टीव्हीखाली जमिनीवर बसले, आणि तिकडून तिचा हात हातात घेतला.